घटकेची वाटी

आमच्याकडे काळ थांबवणारी वाटी होती. हसा खुशाल. तेव्हाच्या पार्ल्यात हे ऐकून कुणी हसत नसे. उलट लग्नसराई आली की ती वाटी मागायला माणसं आमच्या दोन खोल्यांच्या दारात येऊन उभी राहत.

तळहातावर मावेल एवढी तांब्याची वाटी, आणि तिच्या बुडाला सुईच्या टोकाएवढं भोक. घंगाळातल्या पाण्यावर ती सोडायची. भोकातून पाणी चढत चढत भरली आणि तळाशी गेली की एक घटका झाली. भटजी म्हणायचे, "घटका भरली," आणि अंतरपाट दूर व्हायचा. मांडवातल्या निम्म्या लोकांच्या मनगटावर घड्याळं होती, पण मुहूर्त वाटीनंच साधायचा हा म्हाताऱ्यांचा हट्ट.

बाबांच्या पणजोबांनी ती कोकणातून आणलेली. गावात म्हणे एकाला साप चावला, आणि वैद्य खाडीपलीकडे. कुणीतरी त्याच्या उशाशी ही वाटी सोडली, तर वैद्याची होडी काठाला लागेपर्यंत ती बुडालीच नाही. वाटी तरंगते आहे तोवर यमालासुद्धा उंबरा ओलांडता येत नाही, असं बाबा सांगायचे. रोज इस्त्रीचा सदरा घालून कचेरीत जाणारा माणूस, पण हे सांगताना चेहऱ्यावरची रेष हलायची नाही.

आईला या गोष्टीचा भारी राग. "भोकात गाळ अडकला असेल, दुसरं काय?" ती म्हणायची. "म्हणे काळ थांबवते. मग माझे केस कसे पिकले?"

"तू कधी पाण्यात सोडून बघितलीस का?" बाबा विचारायचे.

"मला उद्योग आहेत," असं म्हणून ती आत जायची, आणि बाबा माझ्याकडे बघून गालातल्या गालात हसायचे.

मी अकरा-बारा वर्षांची असताना बाबांचं पोट बिघडलं ते बिघडलंच. ओवा झाला, काढे झाले, शेवटी मोठं इस्पितळ झालं. तिथल्या डॉक्टरांनी आईला बाजूला घेऊन सांगितलं, घरी न्या. घरी न्या म्हणजे बरे झाले, असं मी धरून चालले आणि साऱ्या चाळीत सांगत सुटले. शेजारच्या मावशींनी माझ्या डोक्यावरून नुसता हात फिरवला. त्या हाताचा मला आजही राग येतो. सरळ सांगायचं ना.

घरी बाबांना काही सोसेना. बिस्किटांच्या कारखान्याचा गोड वास पूर्वी ते खिडकीत उभे राहून छातीभर घ्यायचे. आता तो आला की त्यांना उमळून यायचं. आई भर उन्हाळ्यात खिडकी लावून बसायची.

एका दुपारी त्यांचं कण्हणं वाढलं. बाहेर गॅलरीत मावशी कुणाला तरी हळूच म्हणाल्या, "घटका भरत आली हो." आईनं ते ऐकलं. ती उठली, फळीवरची वाटी काढली आणि कोपऱ्यात फणेरपेटीशी पाठमोरी बसून काहीतरी करत राहिली. मला वाटलं, कपाळ नीट करत असेल. मग तिनं घंगाळ भरलं, बाबांच्या उशाशी ठेवलं आणि वाटी पाण्यावर सोडली. आईनं. मी बघतच राहिले.

वाटी बुडेना. घटका म्हणजे अर्धा तासही नाही, पण उन्हं भिंतीवरून खाली उतरली तरी वाटी आपली तरंगतेच आहे. मला इतका आनंद झाला होता की उठून नाचावंसं वाटत होतं. बाबांची गोष्ट खरी होती.

बाबांनी डोळे उघडले. "बुडाली का गं?"

"नाही," आई म्हणाली.

थोड्या वेळानं त्यांनी पुन्हा तेच विचारलं, आणि उत्तरही तेच मिळालं. मग ते आईकडे बराच वेळ बघत राहिले. "फार दुखतंय गं. बुडू दे तिला."

"बुडेल तेव्हा बुडेल," आई म्हणाली. दूधवाल्याशी बोलायची तोच आवाज.

ते आणखी एकदा म्हणाले, "बुडू दे." आई हलली नाही. दिवेलागणीला बाबा गेले. वाटी तशीच तरंगत होती. मला तिचा असा काही संताप आला की पुढं कितीतरी दिवस मी त्या फळीकडे मान वर करून बघितलं नाही.

पुढच्या लग्नसराईत गल्लीच्या टोकाच्या घरून वाटीचं मागणं आलं. आता आपली वाटी कोण नेणार, असं आईला वाटत होतं. ती स्वतः मांडवात जाणार नव्हती, म्हणून वाटी घेऊन मी गेले. भटजींनी वाटी पाण्यावर सोडली आणि ती बुडेना. अंतरपाट धरणाऱ्यांचे हात भरून आले. कुजबूज सुरू झाली. शेवटी भटजींनी वाटी उचलून उलटी केली. "अहो, भोक बुजवलंय की! मेण आहे हे."

नवरीच्या आईनं अंबाड्यातला आकडा काढून दिला. निघालं ते मेण लालसर होतं. तेव्हा बायका कपाळाला आधी मेण लावायच्या आणि त्यावर कुंकू टेकवायच्या, म्हणजे ते दिवसभर हलत नसे. आमच्या घरात मेण लावणारी एकच बाई होती, आणि तिची फणेरपेटी बाबा गेले त्या दिवसापासून बंद होती.

घरी आले तेव्हा आई तांदूळ निवडत होती. मी टेकायच्या आत तिनं विचारलं, "बुडाली?"

"मेण काढल्यावर."

तिचा हात थांबला. "त्यांना कळलं होतं," ती म्हणाली. "दोनदा म्हणाले, बुडू दे. टाचणीनं काढायचं, एवढंच होतं. मला नाही जमलं. तेवढा वेळ त्यांना उगाच दुखलं."

मला रडू येत होतं आणि तिचा रागही येत होता. "वाटीनं काही होत नाही आई. तूच म्हणायचीस ना, गाळ अडकला असेल म्हणून?"

"म्हणायचे," आई म्हणाली. "तेव्हा ते होते."

आणि तिनं सूप पुन्हा पुढं ओढलं.