मोटेच्या कातड्याचा चेंडू

माझ्या उजव्या नडगीवर हात फिरवला तर अजून खाचा लागतात. एक खाच घोड्याच्या लाथेची आहे, बाकीच्या सगळ्या फुटबॉलच्या. नातवंडं विचारतात तेव्हा मी सगळ्यांचं खापर घोड्यावर फोडतो, कारण फुटबॉलचं सांगायला बसलं की शेवटपर्यंत सांगावं लागतं. आज सांगून टाकतो.

निजामाच्या राज्यात मोमिनाबादला, म्हणजे आताच्या अंबाजोगाईला, घोडदळाची छावणी होती. तिथले शिपाई परेडच्या मैदानावर फुटबॉल खेळत. ते पाहून आमच्या सरकारी शाळेच्या ड्रिल मास्तरांना हुरूप आला. मास्तर हैदराबादचे, मिशांना पीळ, हातात निरगुडीची छडी. वरच्या वर्गातले दांडगे गडी निवडून त्यांनी शाळेचा संघ उभा केला. खेळाचे निम्मे नियम त्यांना माहीत होते, उरलेले त्यांनी छडीने भरून काढले. चेंडू सुटला की पोटरीवर एक, पडलेल्याने उठायला वेळ लावला की पाठीवर दोन. आम्ही अनवाणी खेळायचो. पहिल्याच हंगामात एकाचा अंगठा उलटा झाला आणि एकाचे पुढचे दोन दात मैदानातच राहिले. खोटं कशाला बोलू, मला ते सगळं आवडायचं. गोल करायची मला हौस नव्हती. मी मागे बॅकला उभा राहायचो, आणि समोरून येणाऱ्याची नडगी माझ्या नडगीवर वाजली की अंगात वारं भरायचं.

आमच्यातला खरा खेळाडू एकच, आणि तो शाळेतला नव्हता. तो विहिरीचं पाणी उपसायच्या कातडी मोटा शिवणाऱ्या चांभाराचा मुलगा. आमच्या मळ्यातली मोटही त्याच्याच घरून यायची. डाव्या पायाने तो असा चेंडू मारायचा की गोलात उभा असलेला आपणहून बाजूला व्हायचा. मास्तरांनी त्याचं नाव हजेरीपटात घातलं तेव्हा गावात कुजबुज झाली. मास्तर म्हणाले, "मैदान में जात नक्को पूछो, टांग देखो." वर त्यांनी कायदाच केला, की मैदानात सगळ्यांनी एकमेकांना 'तू' म्हणायचं. त्यामुळे चुन्याच्या रेघेच्या आत तो मला "सरक की बे" म्हणायचा, आणि रेघ ओलांडली की "मालक, निगू का आता?" मला त्याचं ते 'बे' आवडू लागलं होतं, हे मी त्याला कधी सांगितलं नाही.

माझ्या वडिलांना हा खेळ पटणं शक्य नव्हतं. आम्ही जमीनदार माणसं. त्यांनी मला आधी बैलाच्या पराणीने बडवलं. पराणी मोडली, तरी मी खेळायला जाणारच म्हणालो. मग तडजोड निघाली.

"पायताण पायात असतंय, तितं कातडं चालतंय," वडील म्हणाले. "पर डोक्याला लागू द्यायचं न्हाई. त्या डोक्यावर उद्या पागोटं बसायचं हाय."

देवीचा अंगारा हातात देऊन त्यांनी मला शपथ घातली. तीन हंगाम मी एकदाही डोक्याने चेंडू खेळलो नाही. उंच चेंडू आला की मी वाकायचो, मागचा कोणीतरी तो घ्यायचा. सगळ्यांना ते ठाऊक होतं. मी वाकलो की पोरं ओरडायची, "पागोटं सांभाळा!" आणि मीही हसायचो.

दिवाळीनंतर शिपायांच्या संघाशी सामना ठरला. त्यांच्या जमादाराने माझ्या मित्राचा डावा पाय आधीच हेरला होता. छावणीला खोगिरं शिवायला माणूस हवा होता. ते काम आणि संघात जागा, दोन्ही द्यायला तो तयार होता. "मॅच में देखतौं," तो म्हणाला, "फिर डाक्टर आंखां-कानां देखते, बस." पगार, शिधा, वर्दी, सगळं मिळणार होतं. माझा मित्र बोलायचा ते फक्त बुटांचं. "सगळ्या गावाला पायताण शिवलं आमी," तो म्हणायचा. "सोताच्या पायात बूट घालून बगायचा हाय येकदा."

सामन्याच्या आठ दिवस आधी चेंडूचं कातडं फाटलं. आतला रबरी ब्लॅडर शाबूत होता. मित्राने मोटेच्या कातड्याचं नवं कवच शिवलं, जाड आणि टणक. मला ते फार वाळलेलं वाटलं. आमच्याकडे मोट वाळली की रात्रभर पाण्यात ठेवत, म्हणजे कातडं फुगायचं आणि शिवण आवळायची. सामन्याच्या आदल्या संध्याकाळी मी ब्लॅडर काढून नुसतं कवच दगड बांधून विहिरीत सोडायला निघालो. तो मळ्यातच होता.

"पाण्यात नका टाकू, मालक," तो म्हणाला. "मोट पाण्याची असती. चेंडू वाऱ्याचा हाय. लई जड हुईल."

"मला मोट शिकवतो का बे?" मी म्हणालो.

रेघेच्या बाहेर 'बे' म्हणायचा अधिकार एकट्या मलाच होता. मी कवच विहिरीत सोडलं.

दुसऱ्या दिवशी चेंडू उचलला तेव्हाच हाताला कळलं, पण मी बोललो नाही. शिपाई बूट घालून उतरले होते. पहिल्या पाच मिनिटांत आमच्या गोलरक्षकाच्या पोटात चेंडू बसला आणि तो तिथेच ओकला. एका शिपायाने बूट माझ्या पायावर ठेवून टाच फिरवली. मी त्याच्या गुडघ्याच्या वाटीवर लाथ घातली, त्याला चौघांनी उचलून नेलं. मास्तर कडेने "मारो! मारो!" ओरडत होते. मैदानावर रक्ताचे आणि थुंकीचे ठिपके पडले होते, आणि मी मजेत होतो.

अशात मित्राने डाव्या पायाने गोल केला. त्या दगडाला लाथ मारताना त्याचं नख निघालं. तो लंगडत, हसत माझ्याकडे आला आणि म्हणाला, "बगितलं का बे?" जमादार उभा राहून टाळ्या वाजवत होता. "कल छावनी को आ जा!" तो ओरडला. बूट त्याच्या पायात आल्यातच जमा होते.

आता फक्त गोल राखायचा होता. त्यासाठी मित्रही मागे आला आणि माझ्या पाठीशी उभा राहिला. एका उंच शिपायाने वीस पावलांवरून चेंडू हाणला. तो सरळ माझ्या कपाळावर येत होता. मला कातड्याची शिवणसुद्धा दिसली. मागे कोण आहे हेही माहीत होतं.

मी वाकलो.

ओल्या पोत्यावर काठी पडावी तसा आवाज झाला. मागे पाहिलं तर तो गुडघ्यांवर बसला होता, दोन्ही हात डाव्या डोळ्यावर. बोटांमधून रक्त येत होतं आणि रक्ताबरोबर आणखी काहीतरी.

मी कोपऱ्यातलं निशाण उपटलं आणि त्या उंच शिपायाच्या तोंडावर घातलं. त्याचं नाक फुटलं. तो पडल्यावरही मी मारत राहिलो. त्या बिचाऱ्याने फक्त चेंडू मारला होता. मग दोन्हीकडचे लोक काठ्या घेऊन धावले, दगड सुटले, आणि शेवटी घोडेस्वारांनी मैदानात घोडे घातले तेव्हा माणसं पांगली. मास्तरांची बदली झाली. शाळेचा फुटबॉल त्या दिवशी संपला, पुन्हा कोणी त्याचं नाव काढलं नाही.

मित्राचा डोळा गेला. जमादार एकदा त्याच्या दारापर्यंत येऊन गेला, आत गेला नाही.

त्या संध्याकाळी वडिलांनी मला जवळ बसवलं. त्यांना सगळं कळलं होतं. माझ्या डोक्यावर हात ठेवून ते म्हणाले, "शबूद पाळलास." आणि स्वतःच्या हाताने माझ्या भाकरीवर तूप वाढलं. मी ते खाल्लं. त्या तुपाची मला आजही शरम वाटते.

महिनाभर मी त्याच्या घराकडे फिरकलो नाही. गेलो तेव्हा तो अंगणात बसून आमचीच मोट शिवत होता. डोळ्यावर फडकं बांधलेलं. "या, मालक," तो म्हणाला. राग नव्हता, काहीच नव्हतं. चेंडू कुडाशी पडला होता, वाळून पुन्हा टणक झालेला. मी चेंडू उचलला आणि दोन्ही हातांनी कपाळावर आपटून घेतला. एकदा, दोनदा, मग मोजलं नाही. कपाळ फुटलं, रक्त भुवईवरून डोळ्यात उतरलं. त्याने मला अडवलं नाही.

"आता कशापायी, मालक?" त्याने विचारलं.

मग त्याने कातडं उरलेल्या डोळ्याजवळ धरलं आणि आरीचं भोक शोधू लागला.