गाऊन दाखवा

टेबलाच्या काचेवर पेन आपटण्याचा आवाज. टक्, टक्टक्. टक्, टक्टक्.

"गाऊन दाखवा, बाई. ताल मी देतो."

जमातीचे दाखले तपासणाऱ्या समितीचे ते सदस्य खरोखरच ताल देत होते. समोर मी उभी. हडपसरच्या महाविद्यालयात मराठी कविता शिकवणारी, चाळिशी उलटलेली बाई. मी आदिवासी आहे की नाही, हे माझ्या गळ्यावरून ठरणार होतं. महिनाअखेरपर्यंत वैधता प्रमाणपत्र दिलं नाही तर नोकरी जाईल, असं पत्र महाविद्यालयानं हातात ठेवलं होतं.

 

आमच्या बोलीतलं एकच गाणं मला पूर्ण येतं. वडील गेले तेव्हा त्यांच्या उशाशी बसून आईनं म्हटलेलं. आठवडाभर मी ते आरशासमोर पाठ केलं होतं. वडिलांचं मरण मी परीक्षेसारखं घोकलं होतं.

पहिली ओळ म्हटली. पेन थांबलं.

"उच्चार फार शुद्ध आहेत हो तुमचे. ळ काय, ण काय. सदाशिव पेठेत शिकलात?"

"हो."

"तरीच. जंगलाचा वासच येत नाही."

शेजारी बसलेले अध्यक्ष हसले. मीही हसले. भीतीनं. ते माझं हसू मला अजून गिळता आलेलं नाही. तो ळ कमावताना वर्ग मला हसला होता, गावंढळ म्हणून. आता हे हसत होते, शुद्ध म्हणून.

दुसरी ओळ ओठांवर आली. त्या ओळीत गेलेल्या माणसाचं नाव घ्यायचं असतं. वडिलांचं नाव.

मी तोंड मिटलं.

"गाणार नाही."

पिशवीतून भावाच्या खटल्याचा निकाल काढला.  कागद वाजत होता. माझ्या सख्ख्या भावाला याच समितीनं नाकारलं होतं. उच्च न्यायालयानं वडिलांच्या शाळेच्या जुन्या दाखल्यावरून त्याची जमात मान्य केली होती. वडील आमचे एकच.

"त्यावर आम्ही अपील केलंय," अध्यक्ष म्हणाले. "ते प्रलंबित आहे. तोवर हा कागद आपण देव्हाऱ्यात ठेवा."

अपील झालं की निकाल पोकळ होतो, असं इतके महिने मीही मानत आले होते. म्हणून तर गाणं पाठ केलं. सकाळी लोणी काळभोरहून भावाचा फोन आला होता. "ताई, अपील हाय म्हंजी निकाल मेला नाय. स्थगिती हाय का, येवढंच इचार त्येंना. नसंल तर त्यो तुलाबी लागू हाय."

 ही माणसं एका सहीनं मला घरी बसवू शकत होती, हे मला लख्ख दिसत होतं. तेवढंच लख्ख दुसरंही दिसलं. वडिलांचं नाव मी यांच्या तालावर घेणार नाही. आज नाही, अपिलाचा निकाल उलटा लागला तरी नाही. कागदावर लढेन. गळा देणार नाही.

"त्या निकालाला स्थगिती आहे का?"

अध्यक्षांनी सदस्यांकडे पाहिलं. सदस्यांनी फाइल चाळली.

"माझा प्रश्न आणि आपलं उत्तर, दोन्ही नोंदवून घ्या," मी म्हणाले.  "त्याखाली मी सही करीन."

सदस्यांनी फाइल मिटली. मग अध्यक्ष, माझ्याकडे न बघता, म्हणाले,

"स्थगिती नाही."