कोणती माशी चावली?

सात वाजून दहा मिनिटांनी मीटरवालीने टॉर्चच्या मागच्या टोकाने लोखंडी पेटीच्या झाकणावर टकटक केलं आणि बाजूला सरकून भिंतीला पाठ लावली. कान टवकारले. आतून काही आवाज आला नाही. मग तिने टोकाला वाकवलेली जाड तार कडीत अडकवली, अंग लांब ठेवून झाकण ओढलं आणि टॉर्चचा झोत आधी वरच्या कोपऱ्यांत, मग मीटरांच्या मागे, मग तळाशी फिरवला. कोळ्याचं जाळं आणि एक वाळकं पान. तेव्हा कुठे तिने हातातलं यंत्र पुढे धरून आकड्यांचे फोटो घेतले.

विजेच्या मीटरचे आकडे टिपत इमारतींमधून फिरण्याचं हे काम ती लग्नाआधीपासून करत होती. इतकी वर्षं तिने पेट्या घरातल्या कपाटासारख्या धाडकन उघडल्या. टकटक गेल्या वर्षापासूनची. ऑफिसात तिचं नाव टकटकबाई पडलं होतं.

“काय गं, घरात आहे का कोणी, असं विचारतेस का माशांना?” बरोबरीचा एक मीटरवाला अधूनमधून टोमणा मारायचा.

“विचारलेलं बरं. न विचारता गेले होते, ती शुद्धीवर आले हॉस्पिटलात.”

तो हसायचा आणि विषय बदलायचा. कारण त्या दिवशी तिच्या उरलेल्या इमारती त्यानेच पुऱ्या केल्या होत्या.

झालं होतं ते असं. बंद पडलेल्या छापखान्यासमोरच्या इमारतीत जिन्याखालच्या पेटीचं झाकण अडकलं. झाकण अडकलं की वरून हाताने ओढायचं आणि खालून बुटाची लाथ द्यायची, ही सगळ्याच मीटरवाल्यांची सवय. तिने लाथ दिली, झाकण सुटलं, आणि त्याच क्षणी पोटरीत आणि मग मानेत तापलेली सुई खुपसल्यासारखं झालं. आधी तळहातांना खाज सुटली, मग ओठ जड झाले, मग घसा आतून आवळत गेला. खाली बसताना टॉर्चच्या उजेडात तिला पेटीच्या छताला टांगलेलं पोळं दिसलं. उलट्या छत्रीसारखं, उघड्या घरांचं. त्यानंतरचं तिला आठवत नव्हतं.

हॉस्पिटलातल्या डॉक्टरीणबाई कामापुरतं बोलणाऱ्या.

“कोणती माशी चावली?”

“गांधीलमाशी.”

“ते आडनाव झालं. नाव सांगा.”

तिला सांगता येईना. बाईंनी समजावलं ते तिच्या डोक्यात पक्कं बसलं. पुढच्या वेळी कदाचित हॉस्पिटल गाठायलाही वेळ मिळणार नाही. मांडीत टोचायचं इंजेक्शन कायम जवळ ठेवायचं. आणि खरा उपाय म्हणजे त्याच माशीचं विष थेंबाच्याही अंशाने अंगात घालत, हळूहळू वाढवत शरीराला सवय लावायची. पण विष त्याच जातीचं हवं. रक्ताच्या तपासणीने गोंधळ मिटला नाही. “रक्त दोघींकडे बोट दाखवतंय,” बाई म्हणाल्या. “बारीक कमरेच्या छत्रीवालीकडेही आणि जाड्या तपकिरीकडेही. तिथे तुम्ही होतात. तुम्ही सांगा.”

तिने छत्रीचं पोळं डोळ्यांनी पाहिलं होतं. तिने छत्रीवाली सांगितली. तपासण्या, खर्चाची मंजुरी, मग लस मागवणं यात वर्ष गेलं. पहिली सुई उद्या साडेआठची ठरली होती.

आणि मधल्या काळात ती जे शिकत गेली होती, त्याचीच आता पंचाईत झाली होती.

फिरतीत जिथे जिथे मेलेली माशी दिसेल ती चिमट्याने उचलून ती गोळ्यांच्या रिकाम्या डबीत घरी आणायची. नवरा चष्म्याच्या दुकानात काचा घासायचा. जेवण झालं की तो डोळ्याला भिंग लावून बसायचा.

“ही बघ, कंबर आहे की दोरा? पोटाची पिशवी दोऱ्याला लोंबतेय.”

“ती कुंभारीण. मातीची घरं करते. एकटी राहते, स्वतःहून कुणाच्या वाटेला जात नाही.”

“आणि ही लांब तंगड्यांची?”

“छत्रीवाली. उडताना पाय खाली लोंबतात. अहो, डबी नीट बंद करा. मागच्या वेळी जिऱ्याच्या डब्याशेजारी ठेवलीत.”

“फोडणीत पडली असती तर कळलंही नसतं. तुला तर चव लागतच नाही हल्ली, सगळं लक्ष छताकडे.”

ते खरं होतं. आतल्या टेबलावरचं काम मिळावं म्हणून तिचा अर्ज करून झाला होता. आतल्या खुर्च्या भरलेल्या होत्या. दर सकाळी ती जीव मुठीत धरून निघायची. पण भीतीने माणूस नीट बघायला लागतो. छत्रीवाल्यांची पोळी तिने यंदा बरीच पाहिली. जवळ गेलं की त्या आधी पोळ्यावर उभ्या राहतात, पंख उचलतात, तोंडं तुमच्याकडे वळवतात. त्या दिवशी पोळ्यावर एकही माशी पाहिल्याचं तिला आठवत नव्हतं. आणि छत्रीवाली छताला होती, तर पहिला डंख पोटरीत कसा? हे तिने नवऱ्यालाही सांगितलं नव्हतं. चुकीची लस तीन-चार वर्षं टोचून घ्यायची, सुरक्षित झालो असं समजून टकटक सोडायची, आणि मग एके दिवशी झाकण उघडायचं.

आजच्या फिरतीतली शेवटची इमारत तीच होती. छापखान्यासमोरची.

वर्षभर ती त्या पेटीशी गेलीच नव्हती. वॉचमनकाकांच्या हातात यंत्र द्यायची, ते फोटो काढून आणायचे. नियमात बसणारं नव्हतं, पण दोघांनीही कुठे वाच्यता केली नव्हती. आज काका फाटकात काळा चष्मा लावून बसले होते.

“ताई, मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं परवा. वाकायचं नाही म्हणालेत. आज तूच जा.”

“काका, ते छत्रीचं पोळं आहे का अजून?”

“ते? ते कधीच पाडलं. मेलेलंच होतं ते. तू पडलीस त्याच्या महिनाभर आधी मीच औषध मारलं होतं, नुसतं वाळकं लटकत होतं.”

ती फाटकाचा गज धरून उभी राहिली. “मग मला चावलं काय?”

काकांनी काळ्या चष्म्यावरून तिच्याकडे पाहिलं. “तुला नाही ठाऊक? अगं, ज्या भोकातून तार आत जाते, त्यातल्या जाड्या. दरवर्षी येतात. तुझी लाथ बरोब्बर त्यांच्या दारावर बसली. मी बघत होतो.”

“आणि सांगितलं नाहीत?”

“मला वाटलं, चावली तिला कळलं असेलच. मी लाथ मारत नाही, हळूच सरकवतो झाकण. मला काही करत नाहीत.”

काकाही तिच्या मागोमाग जिन्यापर्यंत आले. जिन्याखालची जागा अंधारी होती. ती पायऱ्यांच्या कडेला थांबली आणि सवयीने टॉर्च उलटा धरला. पेटीवर वाजवण्यासाठी हात उचललासुद्धा. मग तिने तो तसाच खाली आणला. लाथ काय आणि टकटक काय, भोकातल्यांना हादरा दोन्हीचा तोच.

पेटीखाली भिंतीतून काळी तार आत गेली होती. तिच्याभोवती बुजवायचं राहून गेलेलं भोक होतं. थोडा वेळ काहीच घडलं नाही. मग आतून एक बाहेर आली. जाड, तांबूस तपकिरी, पोटावर पिवळा पट्टा, रुंद डोकं. उडाली तेव्हा पाय लोंबले नाहीत. घुमणारा आवाज तिला छातीत जाणवला. पाठोपाठ दुसरी आत गेली.

पण नुसत्या सांगण्यावर आता तिचा स्वतःचाच भरवसा उरला नव्हता. एकदा सांगून चुकली होती. पेटीपासून हातभर अंतरावर कुणीतरी टाकलेली सरबताची बाटली आडवी पडली होती. तळाच्या लाल पाण्यात काहीतरी तपकिरी तरंगत होतं.

“काका, मोठ्याने बोलू नका आता. आणि हे धरा.” तिने पिशवीतलं इंजेक्शन त्यांच्या हातात दिलं. “पडले तर मांडीत. पँटवरूनच टोचायचं, दाबून धरायचं.”

“मला वाकायला मनाई आहे गं.”

“तेव्हा मात्र वाका.”

तिने बूट न घासता एकेक पाऊल टाकलं. खाली बसली. तारेचा आकडा बाटलीच्या गळ्यात अडकवून बाटली इंचाइंचाने ओढू लागली. फरशीवर काच खरखरली तसा भोकाशी आवाज वाढला. एक बाहेर येऊन तिच्या बाहीवर बसली. ती कापडावरून मनगटाकडे चालत गेली, जिथे बाही संपत होती तिथे थांबली. मीटरवालीने डोळे मिटले नाहीत. श्वासही सोडला नाही. तोंडातल्या वाफेने त्या चिडतात हे ती शिकली होती. माशीने मिशा हलवल्या, वळली आणि बाटलीच्या तोंडाकडे उडून गेली. सरबत तिला जास्त आवडलं असावं. ती उडून भोकात शिरेपर्यंत मीटरवाली जागची हलली नाही. मग बाटली घेऊन, पाठ न वळवता मागे आली.

ती फाटकाशी येऊन बसली. काकांनी इंजेक्शन परत दिलं. त्यांच्या तळहाताच्या घामाने ते ओलं झालं होतं. तिने मेलेली माशी बाहेर काढून रुमालावर ठेवली, फोटो डॉक्टरीणबाईंना पाठवला आणि फोन करून सगळं सांगितलं. पेटीचा फोटो काढला नाही. ऑफिसला कळवलं, पेटीखाली पोळं आहे, ते काढणारी माणसं पाठवा, तोवर आकडा मिळणार नाही. काकांना बजावलं, भोक बुजवू नका, आतल्या कोंडल्या तर दुसरीकडून फुटतील.

बाईंनी थोड्या वेळाने उलट फोन केला.

“फोटो पाहिला. जाडीच आहे. बरं झालं आज कळलं. उद्याची सुई रद्द.”

“मग कधी?”

“हिची लस मागवावी लागेल. दीड-दोन महिने धरून चाला. तोवर सांभाळा, आणि ती माशी जपून ठेवा.”

घरी नवऱ्याने भिंगातून माशी बराच वेळ पाहिली आणि यावेळी विनोद केला नाही. “सुट्टी घे दोन महिने,” तो म्हणाला. तिने सुट्ट्या मोजून दाखवल्या. गेल्या वर्षीच्या आजारपणात संपल्या होत्या. मग त्याने दुकानातून आणलेल्या कापडाने तिच्या टॉर्चची काच पुसली, आणि तिने झोपण्याआधी इंजेक्शनवरची तारीख पुन्हा एकदा वाचून ते पिशवीच्या बाहेरच्या कप्प्यात ठेवलं.

उद्या दवाखाना नाही. उद्या सात दहाला पहिली पेटी, आणि यापुढे झाकण वाजवण्याआधी पेटीखालचं भोक बघायचं.