कॅमेऱ्यातला व्याही

मांडवगण फराट्याहून सकाळी वडापने (भाड्याच्या जीपने) निघाले. धाकटी बहीण सुमन दौंडला एकटी राहते. तिला चार दिवस माझ्याकडे आणायचंच, असं ठरवून निघाले होते. शेजारणीच्या मांडीवरच्या कोंबडीने भीमेच्या पुलावर माझ्या लुगड्यावर घाण केली. ती पुसतच उतरले.

सुमनची बिल्डिंग स्टेशनजवळ आहे. फाटकावर कॅमेरा, जिन्यात कॅमेरा. शिवाय वॉचमनने फोटोसाठी मोबाईल रोखला.

"आजी, इधर देखो."

"का रं, माझं लगीन जमवतोस व्हय?"

तो हसला. त्याला कळलं काहीच नसणार.

सुमनने दार उघडलं. घरात एकटीच, आणि पदर पार कपाळापर्यंत.

"कोण पाव्हणं आलंय?"

तिने डोळ्यांनीच वर दाखवलं. टीव्हीच्या वर लिंबाएवढा कॅमेरा. तिचा मुलगा नितीन पुण्यातून मोबाईलवर बघतो.

"पोरापुढं पदर कशाला?"

"त्याचा सासरा बी तिथंच ऱ्हातो, आक्का. मोबाईल कवा कुणाच्या हातात आसंल, काय सांगावं?"

आमच्यात व्याह्यापुढे बाई उघड्या डोक्याने बसत नाही. म्हणजे ही आपल्याच घरात दिवसभर व्याह्यापुढे बसलेली.

मी नेलेली शेपू तिने परतली. जेवताना तिचा पदर भाजीत पडला. मी उठले आणि कॅमेऱ्यावर टॉवेल टाकला.

"आता खा नीट."

तिने पदर खाली घेतला, डोकं खाजवलं. भाकरी संपायच्या आत फोन वाजला. नितीन.

"आई, दिसत नाहीस. बरी आहेस ना?"

सुमन गुडघ्याचं बोलली, शेपूचं बोलली. फोन ठेवला तेव्हा तोंडभर हसत होती.

"दिवाळीनंतर आज बोलला."

"आन् एरवी?"

"एरवी बघतोच की. इचारायचं काय ऱ्हातंय?"

"मग चल माझ्याकडं. दिसली न्हाईस तर रोज इचारंल."

तिने उठून टॉवेल काढला, पदर डोक्यावर घेतला. मला वाटलं, झालं, ही काही येत नाही. पण तिने टॉवेलाची घडी करून पिशवीत घातली आणि कॅमेऱ्याकडे बघितलं.

"नितीन, आक्काकडं चालले. आन् व्याही, तुम्ही असाल तर तुम्हालाबी रामराम."

परतीच्या जीपमध्ये वाऱ्याने तिचा पदर खांद्यावर आला. तिने तो तसाच राहू दिला. गावात आम्हीही एकमेकांवर नजर ठेवतो. मी तर चांगलीच ठेवते. पण कोण बघतंय ते दिसतं, आणि काय बघतोस म्हणून विचारता येतं.

पुलावर फोन वाजला. नितीनच होता.

"उचल की," मी म्हटलं.

"वाजू दे जरा," सुमन म्हणाली.