स्वल्प माया ठेव

आमच्या गाण्यातली माया कोण, हे मला ऑफिसात विचारलं गेलंय, लग्नांत विचारलं गेलंय, आणि एकदा दातांच्या डॉक्टरांनी माझं तोंड उघडं असताना विचारलंय. म्हणून एकदाच सांगून टाकते. माया म्हणजे अर्धा इंच. शिवणीच्या आत जे जादा कापड सोडतात, ते.

अण्णा, म्हणजे माझे वडील, टेलर आहेत. बेंगळुरूच्या जे. पी. नगरात आमचं दुकान आहे, दोन मशिनी आणि एक कटिंगचं टेबल मावेल एवढं. आम्ही पिढ्यान्‌पिढ्या इथलेच. घरात मराठी बोलतो, पण पुण्याचा माणूस ऐकून मान तिरकी करेल अशी. अण्णा माप घेतात आणि मोठ्यांदा सांगतात, आई ते वहीत लिहिते. "उंची अठ्ठावीस. शोल्डर सतरा. बाही चोवीस. छाती अडतीस. कॉलर साडेपंधरा." गिऱ्हाईक पायरी उतरलं की मग आवाज खाली आणून, "स्वल्प माया ठेव." स्वल्प म्हणजे कानडीत थोडी. माणूस आज ना उद्या जाड होणार, शर्ट घेऊन परत येणार, तेव्हा उसवून मोठा करायला आत कापड पाहिजे. पण हे त्याच्या तोंडावर कसं बोलायचं?

घरात कॉलेज पूर्ण करणारी मी पहिली. हे मी मिरवते आणि मिरवणारच. एक गोष्ट मात्र मिरवण्यासारखी नाही. कॉलेजच्या फॉर्मवर वडिलांच्या व्यवसायाचा रकाना होता, तिथे मी 'टेक्स्टाइल' असं लिहिलं. अण्णांनी खाली सही केली. त्यांना इंग्रजी वाचता येतं.

आता बँडचं. आम्ही तिघं. गाणारी आणि गिटार वाजवणारी पुण्याची, एचएसआर लेआउटमधल्या माझ्याच ऑफिसातली. ड्रमर मल्याळी. के. आर. पुरमला त्याच्या घराच्या गच्चीवर एक खोली आहे, तिथेच प्रॅक्टिस आणि तिथेच रेकॉर्डिंग, तेही तोच करतो. जवळून रेल्वेच्या गाड्या जातात. गाडी आली की थांबायचं, गेली की पुन्हा वन-टू-थ्री-फोर. मी बेस वाजवते. बेस कुणाला ऐकू येत नाही, पण नसला तर गाणं पडतं. अस्तराचं असतं तसंच.

एका शनिवारी मी दुकानात बसले होते. अण्णा एका गृहस्थांचं माप घेत होते आणि आई मशीन चालवत होती. मशीनचा ताल आणि त्यावर अण्णांचे आकडे, दोन्ही इतके चपखल बसले होते की मी गुपचूप मोबाइलवर रेकॉर्ड केलं. विचारलं नाही. विचारलं असतं तर अण्णा खाकरून, बटण लावून, रेडिओवर बोलतात तसे बोलले असते.

गच्चीवर ते दोघांना ऐकवलं. ड्रमर जागचा उठला. "हे कोण?"

"माझे वडील."

"आणि माया कोण?"

गाणारी हसत सुटली होती. तिला माया कळली होती, तिची अडचण वेगळी. "अगं, स्वल्प काय? मराठीत स्वल्प फक्त विराम असतो! 'थोडी माया ठेव' करू या."

"नाही."

"पुण्यात लोक हसतील."

"हसू देत. माझ्या घरी स्वल्पच म्हणतात. तुला 'थोडी' म्हणायचं तर तुझ्या बाबांना रेकॉर्ड कर."

"माझे बाबा अकाउंटंट आहेत गं, त्यांच्यावर कोण नाचणार?"

स्वल्प राहिलं. पुढे तेच कामी आलं. मराठी माणसाला माया कळते, कानडी माणसाला स्वल्प कळतं, आणि बाकीच्यांना ती मुलगी वाटते. ड्रमरने अण्णांचा आवाज कापून तुकडे केले, ठेक्यावर बसवले. मशीनचा आवाज तसाच ठेवला. शेवटी एका गाडीचा हॉर्न शिरला होता, तो सुरातच होता, म्हणून तोही ठेवला.

गाणं ऑनलाइन टाकलं आणि आठवडाभर आमच्याच तिघांच्या नातेवाइकांनी ऐकलं. मग कुठल्याशा कॉलेजच्या मुलींनी टेप गळ्यात घालून त्यावर नाच केला आणि ते सुटलंच. किती जणांनी ऐकलं तो आकडा मी इथे लिहीत नाही. आकड्यांच्या बाबतीत माझ्यावर भरवसा ठेवू नये असं आमच्या घरात ठरलं आहे, ते का ते पुढे येईल. पण रिक्षात ते लागलं होतं, भाजीवाल्याकडे लागलं होतं, आणि बसवनगुडीच्या मावशीने आईला फोन करून विचारलं, "पोरीने नाव बदललं की काय? माया ठेवलं म्हणे."

आईला मी सगळं सांगितलं होतं. अण्णांना नाही. रोज ठरवायचे, आज सांगते, आणि रोज तो फॉर्म डोळ्यांपुढे यायचा. आधी मी त्यांचा धंदा लपवला. आता त्यांना न विचारता तो सगळ्या शहराला वाजवून दाखवला, आणि लोक त्यावर नाचत होते, हसत होते. अण्णांना वाटलं की मी त्यांचा तमाशा केला, तर मी काय सांगणार होते? की बेस चांगला वाजलाय?

शेवटी त्यांना एका गिऱ्हाइकाने सांगितलं. कॉलेजची मुलगी, कुर्ता शिवायला आलेली. अण्णांनी "उंची" म्हटलं आणि ती वळून बघायला लागली. "बाही" म्हटल्यावर ओरडलीच, "अंकल, नीवे अल्वा? तुम्हीच ना ते?" आणि तिने फोन काढून गाणं लावलं.

दुपारी आईचा फोन आला. "अण्णांनी ऐकलं. दोनदा ऐकलं. मग शटर ओढून घरी आले."

अण्णा भर दुपारी शटर ओढत नाहीत. मी ऑफिसातून निघाले. घरी अण्णा जेवत होते. माझ्याकडे बघितलं, म्हणाले, "कोशिंबीर घे," आणि एवढंच. दोन दिवस हेच. कोशिंबीर घे, पंखा बंद कर. दुकानात मात्र काहीतरी शिवत होते, आणि मी गेले की त्यावर दुसरं कापड टाकायचे.

"रागावलेत का?" मी आईला विचारलं.

"मला काय ठाऊक? मला कॉलरसुद्धा लावू दिली नाही."

रविवारी सकाळी अण्णांनी टेबलावर एक शर्ट ठेवला. निळा, चांगल्या कापडाचा. "घाल."

घातला. बाह्या बोटांच्या टोकांपर्यंत लोंबत होत्या. खालची कड कमरेशीच संपत होती. खांदे आवळलेले, आणि कॉलरमध्ये माझ्यासारख्या दोघींच्या माना मावल्या असत्या. आईने पदर तोंडाला लावला.

"कसा आहे?"

"अण्णा, हे काय..."

"तुझ्या गाण्यातलं माप. बाही अठ्ठावीस, उंची चोवीस. कॉलर सतरा, शोल्डर साडेपंधरा. मी दोनदा ऐकलं, मला वाटलं माझेच कान गेले. इतकी वर्षं मी एक माप चुकलो नाही, आणि आता सगळ्या बेंगळुरूत माझ्या आवाजात हे माप वाजतंय! उद्या कोण येईल का दुकानात? म्हणतील, ह्याच्याकडे नको, हा माकडांचे शर्ट शिवतो."

ड्रमरने तुकडे ठेक्यावर बसवताना आकड्यांची अदलाबदल केली होती. आम्हा तिघांनाही पत्ता नाही. मी टेलरची मुलगी, गाणं शंभर वेळा ऐकलं, आणि एकदाही माझ्या लक्षात आलं नाही.

"एवढंच?" मी विचारलं. "तुम्ही त्याचसाठी रागावलात?"

"आणखी कशासाठी रागावायचं होतं?"

मी फॉर्मचं बोलायला तोंड उघडलं. अण्णांनी मला वळवलं आणि शर्टाची कड उलटी करून दाखवली. आत चार बोटं कापड दुमडलेलं होतं. खांद्याच्या शिवणीतही तसंच. "उसवून नीट होईल," ते म्हणाले. "माया ठेवली आहे."

मग डोळे पुसायला त्या लांब बाह्यांचा तेवढ्यापुरता उपयोग झाला.

पुढच्या रविवारी अण्णा इस्त्रीचा शर्ट घालून के. आर. पुरमला आले. ड्रमरला उभं केलं, त्याचं खरं माप घेतलं, आणि माइकसमोर आकडे बोलले. मध्ये गाडी आली तेव्हा हात वर करून थांबले, गेल्यावर बरोबर पुढच्या आकड्यापासून सुरू झाले. आता दोन्ही गाणी ऑनलाइन आहेत. लोक अजून चुकीचंच जास्त ऐकतात, यावर अण्णांचं मत इथे लिहिण्यासारखं नाही. निळा शर्ट गाणारीने मागून नेला. ती तो उसवू देत नाही, स्टेजवर तसाच घालते.

नवं गाणं टाकताना कोणी काय केलं ते भरायचे रकाने होते. अण्णा शेजारीच बसले होते. मी त्यांचं नाव लिहिलं आणि पुढे लिहिलं, टेलर.

अण्णांनी चष्मा वर केला, स्क्रीनजवळ वाकले, दोनदा वाचलं.

"नुसतं टेलर?" ते म्हणाले. "लेडीज अँड जेन्ट्स लिही."