बदकाच्या फिल्ममधला माझा हात

"चलना आ जाएगा, अम्मा. उंगलियों का भरोसा नक्को करो," सीटी स्कॅन पाहून डॉक्टर म्हणाले.

मला स्ट्रोक आला होता, म्हणजे मेंदूच्या एका भागाचा रक्तपुरवठा तुटला होता. मी हिमायतनगरच्या शाळेत चित्रकला शिकवायचे, आणि हा गृहस्थ माझी उजवी बोटं मोडीत काढत होता! मला रडू नाही आलं, राग आला.

मग फिजिओथेरपी सुरू झाली, म्हणजे रुसलेल्या हाताला व्यायामानं कामाला लावणं. वेटिंग रूममध्ये आम्ही सगळे पेशंट रबरी बॉल दाबत बसायचो. त्या बॉलचा मला लवकरच वीट आला.

घरात दिरांनी दुबईहून आणलेला व्हिडिओ कॅमेरा पडून होता. नुकतंच केबल आलं होतं, मुलगी कार्टूनपुढून हलत नसे. तिचं चाकांचं लाकडी बदक मी अडगळीतून काढलं आणि यजमानांना सांगितलं, "फिल्म करायची. बदक टेबलाच्या या टोकाहून त्या टोकाच्या वाटीतलं पाणी प्यायला जाणार."

"चालवणार कोण?"

"मी. उजव्या हातानं."

"हौली झालीस काय गं? वेड लागलंय?" म्हणत त्यांनी कॅमेरा लावला.

बदक जरासं सरकवायचं, हात काढायचा, यांनी कॅमेरा क्षणभर चालू करून बंद करायचा. पुन्हा सरकवायचं. सांगायला सोपं! चिमूट सुटायची, बदक आडवं व्हायचं. एकदा तर मी त्याला चांगल्या मराठी शिव्या हासडल्या. पण रोज शाळेच्या वेळेला मी टेबलाशी बसायचेच.

फिजिओथेरपीच्या बाईंना कळलं तेव्हा त्या म्हणाल्या, "बॉल छोडो मॅडम, बदकच चालवा."

काही महिन्यांनी बदक वाटीशी पोचलं. आता मी साडीला पिन लावते, ब्रश धरते. बारीक रेघ अजून थरथरते. थरथरू दे.

तुमच्यापैकी कुणाला डॉक्टरांनी असं काही सांगितलं असेल, तर औषधं वेळेवर घ्या, त्यांचं ऐका. पण शेवटचा शब्द त्यांना देऊ नका.

फिल्म पुरी झाली तेव्हा ती पाहायला शेजारीपाजारी जमले होते. बदक डुलत निघालं, मुलं खिदळली. मधेमधे माझी वाकडी बोटं दिसत होती, कारण हात वेळेत मागे यायचा नाही.

"तेवढं काढून टाकू या का?" यजमानांनी हळूच विचारलं.

"नक्को म्हणजे नक्को," मी सगळ्यांदेखत म्हटलं. "बदक काही आपोआप चालत नव्हतं."