व्हिलमोशने मेल्याचं सोंग घेतलं तेव्हा

शेबोक व्हिलमोशच्या चाली अख्ख्या बुडापेस्टच्या ओठांवर होत्या आणि त्याचं नाव कुणाच्या गावीही नव्हतं. ट्रामचा कंडक्टर त्याचंच गाणं गुणगुणत त्याच्याकडे तिकीट मागायचा आणि हा मुकाट्याने दाखवायचा. राग मला यायचा. स्टुडिओत ध्वनिमुद्रण माझ्याकडे असे. कुणाच्या जिवावर कोण मिरवतं ते मी रोज बघत होते.

सेगेडला मूकपट चालायचे तेव्हा हा पोरसवदा वयात पडद्यापाशी बसून पियानो वाजवी. पडद्यावरच्या चेहऱ्यांवरून नजर न हलवता वाजवायचं, ही खोड तिथली. पुढे ढीगभर चित्रपटांना संगीत दिलं तरी ती सुटली नाही. दिग्दर्शकाने दुःखाच्या प्रसंगाला व्हायोलिनं मागितली की हा म्हणे, "बाई रडतेय ना? मग मी कशाला मध्ये रडू?" अशा माणसाला कोण काम देणार? वर्षभर तो घरी बसून होता.

मग लोरिन्स नावाच्या दिग्दर्शकाने त्याला बोलावलं. चित्रपटात मुलगा गेलेल्या आईचा प्रसंग होता. लोरिन्सला खेड्यातल्या बाईचा खराखुरा विलाप हवा होता, शुक्रवारपर्यंत. नाहीतर दुसरा संगीतकार तयारच होता. हे काम गेलं तर आपल्याला पुन्हा कुणी विचारणार नाही, हे व्हिलमोशला पक्कं ठाऊक होतं.

आम्ही टेपरेकॉर्डर घेऊन नोग्राडमधल्या एका गावी गेलो. विलाप करण्यात तिथे तेरकाआजीचा हात धरणारं कुणी नव्हतं. तिने आम्हाला पोटभर जेवू घातलं, पाळिंका ही घरची फळांची दारू पाजली आणि साफ नाही म्हणाली. घरात मढं नसताना विलाप केला तर तो मढं मागून घेतो, हे तिकडे शेंबडं पोरही जाणतं.

"मग मला मढं समजा," व्हिलमोश म्हणाला.

"मरायची हौस आहे तुला?"

"काम नाही मिळालं तर तसाही मेलोच, आजी."

म्हातारी हसली. तिने मयताच्या घरी झाकतात तसा आरसा झाकला आणि त्याला टेबलावर, दाराकडे पाय करून निजवलं. मी टेप चालू केला. दारात शेजारीपाजारी गोळा झाले.

सुरुवातीला तिने त्याची चांगलीच हजेरी घेतली. विलापात मेलेल्याशी बोलायचं असतं, त्याची गाऱ्हाणी सांगायची असतात. बायको सोडून गेली, सदऱ्याला बटण नाही, आता कोण शिवणार रे व्हिलमोश, असं ती सुरात म्हणत होती. बायका डोक्यावरच्या रुमालाआड हसत होत्या. मग तिने त्याच्या कपाळावर हात ठेवला आणि नाव बदललं. यानोश, माझ्या यानोश, बर्फात तुला कुणी झाकलं रे?

हसणं थांबलं. तिचा मुलगा यानोश रशियात डॉन नदीच्या काठी लढाईत गेला होता. प्रेत आलंच नाही, म्हणून विलापही झाला नव्हता. गावभराच्या पोरांसाठी ती रडली होती, स्वतःच्या पोरासाठी कधीच नाही.

टेप संपला तरी ती थांबली नाही. व्हिलमोशची पापणी हलली नाही. ती दमून खाली बसली तेव्हा शेजारची माणसं टोप्या काढून आत आली आणि त्यांनी टेबल उचललं. मी घाबरून पुढे झाले. व्हिलमोशने डोळे न उघडताच बोटाने मला थांबवलं. त्यांनी त्याला अंगणातून, रस्त्याने, थेट दफनभूमीच्या फाटकापर्यंत नेलं. म्हातारी मागून चालत होती. तिथे तिने त्याचं कपाळ चुंबलं.

"आता ऊठ, बाळ," ती म्हणाली. "माझा पोहोचला."

तो उठला.

"मार्गित, टेप पुसून टाक," तो मला म्हणाला.

"वेडा झालास का? शुक्रवारी काय देणार?"

"पूस म्हणतो ना."

मी पुसला. असा माणूस मी दुसरा पाहिला नाही, आणि त्या क्षणी त्याच्या कानाखाली एक ठेवून द्यावीशीही वाटली.

शुक्रवारी तो रिकाम्या हातांनी लोरिन्सपुढे उभा राहिला. आठवडाभर कुठे होतास, असं लोरिन्सने ओरडून विचारलं.

"एका पोराच्या मयताला गेलो होतो," व्हिलमोश म्हणाला आणि टोपी घालून बाहेर पडला.